सातारा-सांगलीत कॉलेजचा बास्केटबॉल कोच व्हायचं असेल तर

आपल्याकडच्या बहुतेक सीनिअर कॉलेजांत ‘बास्केटबॉल कोच’ नावाचं कायम पद नसतं, हे आधी लक्षात घ्या. पद असतं शारीरिक शिक्षण व क्रीडा संचालकाचं. विद्यार्थी ज्यांना ‘डायरेक्टर सर’ किंवा ‘जिमखान्याचे सर’ म्हणतात तेच ते. त्यांच्याकडे बास्केटबॉलबरोबर कबड्डी, खो-खो, ॲथलेटिक्स, कुस्ती असं सगळंच असतं. फक्त बास्केटबॉलसाठी बोलावलेला माणूस असतो तो मानधनावरचा कोच, तोही बहुतेक वेळा स्पर्धेआधीच्या दोन-तीन महिन्यांपुरता. म्हणून ज्याला यात आयुष्य काढायचंय त्याने दोन कामं एकाच वेळी चालवायला हवीत. एकीकडे कागदावरची पात्रता आणि दुसरीकडे कोर्टवर उभा केलेला संघ. नुसती पात्रता असली तर नोकरी मिळेल, पण मुलं शिकणार नाहीत. नुसता खेळ येत असला तर मुलं जीव लावतील, पण चाळिशीतही मानधनच चालू राहील.

पात्रतेची वाट

पदवी कुठल्याही शाखेची चालते. त्यानंतर शारीरिक शिक्षणातलं दोन वर्षांचं बी.पी.एड. आणि दोन वर्षांचं एम.पी.एड. दोन्हीकडे राज्याच्या सीईटी कक्षाची प्रवेश परीक्षा असते आणि तिच्यात लेखीबरोबर मैदानी चाचणीही असते. त्यामुळे पदवीच्या शेवटच्या वर्षी व्यायाम सोडू नका. पुण्याचं चंद्रशेखर आगाशे महाविद्यालय आणि अमरावतीचं हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ ही शारीरिक शिक्षणातली जुनी, भरवशाची नावं आहेत.

यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) २०१८ च्या नियमावलीप्रमाणे कॉलेजच्या या पदासाठी पदव्युत्तर पदवीला किमान ५५ टक्के लागतात. आरक्षित प्रवर्गांना ५ टक्क्यांची सवलत आहे. त्याशिवाय नेट किंवा सेट या अध्यापनाच्या पात्रता परीक्षांपैकी एक, नाहीतर नियमांत बसणारी पीएच.डी. महाराष्ट्राची सेट परीक्षा सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठ घेतं. आंतरमहाविद्यालयीन, आंतरविद्यापीठ, राज्य किंवा राष्ट्रीय स्पर्धेत खेळल्याचा पुरावाही मागतात. आणि शारीरिक क्षमता चाचणी असतेच. पुरुषांना १२ मिनिटांत तिशीपर्यंत १८०० मीटर आणि चाळिशीपर्यंत १५०० मीटर, तर महिलांना ८ मिनिटांत अनुक्रमे १००० आणि ८०० मीटर धावत-चालत पार करावे लागतात. ही अंतरं अवघड नाहीत, पण सहा वर्षं अभ्यासिकेत बसलेल्या उमेदवाराची इथे दमछाक होते.

खेळाडू असतानाच प्रमाणपत्रं जपा. कॉलेज संपून काही वर्षं झाली की जुन्या स्पर्धेचं प्रमाणपत्र पुन्हा मिळवायचं म्हणजे हेलपाटे. प्रत्येकाची स्कॅन प्रत काढा आणि कॉलेजकडून सहभागाचं पत्र त्याच वर्षी घ्या.

हे झालं पदाचं. शिकवण्याचं कौशल्य वेगळं मिळवावं लागतं. पतियाळाची नेताजी सुभाष राष्ट्रीय क्रीडा संस्था, म्हणजे सगळे जिला एनआयएस म्हणतात ती, १९६१ पासून कोच घडवते. तिथला एक वर्षाचा डिप्लोमा सर्वांत वजनदार. तेवढा वेळ आणि पैसा नसेल तर सहा आठवड्यांचा प्रमाणपत्र अभ्यासक्रम करा. तो उन्हाळ्यात होत असल्याने कॉलेजच्या सुट्टीत बसतो. फिबाच्या (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या) कोच परवान्यांची पहिली पायरी भारतीय बास्केटबॉल महासंघामार्फत निघते, तिच्या तारखांवर लक्ष ठेवा. आणि पंचांची परीक्षा द्याच. नियम नीट माहीत नसलेला कोच पंचांशी भांडत राहतो आणि त्या भांडणात टाइम-आउट, म्हणजे मिनिटभर खेळ थांबवून संघाशी बोलायची संधी, घ्यायचा राहून जातो.

सुरुवात बहुतेकांची सीएचबीवर, म्हणजे तासिका तत्त्वावर होते. कायम जागा बिंदुनामावली (आरक्षणाप्रमाणे जागांचा क्रम), शासनाची मान्यता आणि जाहिरात या क्रमाने सुटते. त्याला वर्षं लागतात, हे घरच्यांना आधीच सांगून ठेवा. कायम झालात तर वेतनश्रेणी लेव्हल १०, सुरुवातीचं मूळ वेतन ५७,७०० रुपये. तोपर्यंत शाळेची एखादी टीम, क्लबची सकाळची बॅच, पंचगिरी असं जोडून चालावं लागतं. ‘फुकट शिकवतो’ असं मात्र म्हणू नका. महिन्याचं मानधन ठरवून, कितीही थोडं असलं तरी, प्राचार्यांच्या सहीचं नेमणूक पत्र घ्या. पुढे अनुभव म्हणून तेच कामाला येतं.

कुठली स्पर्धा कुणाची

नव्या माणसाचा पहिला गोंधळ इथे होतो. अकरावी-बारावीची मुलं त्याच इमारतीत शिकत असली तरी ती विद्यापीठाच्या स्पर्धेत खेळत नाहीत. त्यांचा १९ वर्षांखालील गट जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयाच्या शालेय स्पर्धांतून जातो. तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशी ती चढण. पदवीची मुलं विद्यापीठाकडून खेळतात. सातारा, सांगली आणि कोल्हापूर हे तिन्ही जिल्हे शिवाजी विद्यापीठाच्या कार्यक्षेत्रात येतात. साताऱ्यातली काही कॉलेजं आता कर्मवीर भाऊराव पाटील विद्यापीठाखाली गेली आहेत, तिथे परिपत्रक वेगळं निघतं. शिवाजी विद्यापीठात आधी विभागीय स्पर्धा, मग आंतरविभागीय, त्यातून निवड शिबिर आणि शेवटी १२ जणांचा विद्यापीठ संघ. हा संघ एआययूच्या, म्हणजे देशभरातल्या विद्यापीठांच्या संघटनेच्या, पश्चिम विभागीय स्पर्धेला जातो आणि तिथले पहिले चार अखिल भारतीय स्पर्धेला.

जूनमध्ये विद्यापीठाचं क्रीडा वेळापत्रक आलं की विभागीय स्पर्धेच्या तारखेला गोल करा आणि तिथून मागे १२ आठवडे मोजा. तुमचं वर्ष तिथे सुरू होतं. मधे गणपती, सत्र परीक्षा आणि कधी दिवाळी येते. हे दिवस वजा केल्यावर १२ चे ९ उरतात, म्हणून काय शिकवायचं नाही हेही आधीच ठरवा.

कोर्ट आणि सामान

पहिल्याच दिवशी ३० मीटरचा टेप आणि खडू घेऊन कोर्टवर जा. कोर्ट २८ बाय १५ मीटर. काटकोन बरोबर आहे का हे कर्णावरून कळतं. दोन्ही कर्ण ३१.७६ मीटर भरले पाहिजेत. टेप ३० मीटरचा असेल तर अर्धं कोर्ट मोजा, १४ बाय १५ चा कर्ण २०.५२ येतो. रिंगची उंची जमिनीपासून ३.०५ मीटर. ही हमखास चुकलेली असते, कारण कोर्टवर नंतर काँक्रीटचा नवा थर टाकतात आणि खांब तसाच राहतो. मग रिंग चार-पाच सेंटिमीटर खाली येते, मुलं त्याच उंचीवर नेम बसवतात आणि बाहेरच्या कोर्टवर चेंडू रिंगच्या पुढच्या कडेला आपटत राहतो. फ्री थ्रोची, म्हणजे फाउलनंतर कुणीही न अडवता मारायच्या शॉटची, रेषा बोर्डच्या पुढच्या बाजूपासून ४.६० मीटर, तीन गुणांची रेषा रिंगच्या मध्याच्या सरळ खालून ६.७५ मीटर, कोपऱ्यात बाजूच्या रेषेपासून ०.९० मीटर आत. जुन्या कोर्टांवर ६.२५ ची रेषा अजून दिसते. ती खरवडून काढा, दोन रेषा राहिल्या तर मुलं जवळच्या रेषेवरून मारायला शिकतात.

पावसाळ्यात उघड्या सिमेंटवर शेवाळ धरतं आणि घोटे मुरगळतात. जुलै-ऑगस्टमध्ये आठवड्यातून एकदा तारेच्या ब्रशने घासून ब्लीचिंग पावडर मारा आणि भरपूर पाण्याने धुऊन घ्या. पाणी ओढायला रबरी पट्टीचे दोन मोठे वायपर हवेतच. महाबळेश्वर-पाटणच्या बाजूला पाऊस आठवडाभर उघडत नाही, तिकडे हे करूनही कोर्ट मिळेलच असं नाही. अशा वेळी व्हरांड्यात किंवा हॉलमध्ये भिंतीवर पासिंग, जागेवरचं ड्रिब्लिंग आणि पायांचा व्यायाम ठेवा. जत-आटपाडीकडे उलट, तिथे पावसाळ्यातही कोर्ट कोरडं मिळतं. सांगलीत कृष्णेकाठच्या कॉलेजांत सामानाची खोली तळमजल्यावर असेल तर चेंडू आणि नोंदवह्या वरच्या फळीवर ठेवा. २०१९ आणि २०२१ चा पूर पाहिलेल्यांना याचं कारण सांगावं लागत नाही.

चेंडू मुलांना ७ नंबरचा आणि मुलींना ६ नंबरचा. मुलींकडून मुलांच्या चेंडूवर सराव करून घेऊ नका. त्यांचा शॉट छातीवरून ढकलल्यासारखा होतो आणि ती सवय सुटत नाही. उघड्या सिमेंटसाठी चांगल्या रबराचा चेंडू घ्या. कंपोझिट लेदरचा चेंडू सिमेंटवर एका हंगामात सोलून निघतो, तो स्पर्धेच्या आधीच्या दोन आठवड्यांसाठी आणि सामन्यासाठी ठेवा. १५ खेळाडूंना किमान ८ चेंडू हवेत. हवा भरताना सुई ओली करून घाला, कोरडी सुई व्हॉल्व्हचं रबर फाडते. हवा योग्य आहे का हे पाहायला चेंडू १.८० मीटरवरून सोडा, उसळून त्याचा वरचा भाग १.२० ते १.४० मीटरपर्यंत आला पाहिजे.

खरेदी जिमखाना निधीतून होते. तीन दरपत्रकं, प्राचार्यांची मंजुरी, बिल, मग डेड स्टॉक रजिस्टरला (टिकाऊ सामानाच्या वहीत) नोंद, हा क्रम मोडू नका. चेंडू झिजणारी वस्तू असल्याने त्याची नोंद वेगळ्या वहीत, बोर्ड-खांबाची डेड स्टॉकला. दौऱ्याची उचल घेतली तर परत आल्यावर आठवड्याच्या आत हिशेब द्या. थकलेल्या हिशेबापायी पुढची उचल अडते आणि संघ स्टँडवर उभा राहतो.

मुलं कुठून आणायची

या दोन जिल्ह्यांत लहानपणापासून बास्केटबॉल खेळलेली मुलं थोडी. ती ठरावीक शाळांतून येतात, आणि त्यांतली उंच मुलं इंजिनिअरिंगला निघून जातात. बाकी संघ तुम्हाला दुसऱ्या खेळांतून उभा करावा लागतो. हे कमीपणाचं मुळीच नाही, आपल्या मातीचा तो फायदाच आहे. फक्त कुठल्या खेळाडूची कुठली सवय ठेवायची आणि कुठली मोडायची हे कळलं पाहिजे.

खो-खोची मुलं सोन्यासारखी. धावता धावता दिशा बदलणं, खाली वाकून राहणं आणि समोरच्याला चकवणं त्यांच्या अंगात असतं, म्हणून चेंडू हाताळायला शिकली की ती उत्तम गार्ड, म्हणजे चेंडू पुढे नेणारे खेळाडू, होतात. त्यांची अडचण एकच, चेंडू हातात आला की नजर चेंडूवर जाते. पहिला महिना त्यांना ड्रिब्लिंग करताना समोर उभं राहून बोटं दाखवा आणि आकडा मोठ्याने सांगायला लावा.

कबड्डीच्या मुलांची बसकी ठेवण बचावासाठी तयारच असते आणि अंगाला अंग लागलं तरी ती बिचकत नाहीत. पण त्यांचा हात आपोआप समोरच्याच्या कमरेवर किंवा मनगटावर जातो. पहिल्या दहा मिनिटांत तीन फाउल होऊन ती बाकावर येतात. इलाज म्हणजे बचावाच्या सरावात दोन्ही हातांत एकेक टॉवेल धरायला द्यायचा. पकडायला हातच मोकळा नसल्याने पाय सरकवावे लागतात. दोन आठवड्यांत फरक दिसतो. व्हॉलीबॉलच्या मुलांना उडीची वेळ साधते, पण ती रिबाउंड, म्हणजे हुकून परत आलेला चेंडू, पकडत नाहीत, टोलवतात. त्यांना दोन्ही हातांनी चेंडू हनुवटीखाली ओढून कोपरं बाहेर काढायला शिकवा.

निवड चाचणीला नुसती उंची मोजू नका. २० मीटर धाव, जागेवरून उभी उडी, दोन्ही हात पसरून बोटाच्या टोकापासून टोकापर्यंतची लांबी, आणि एका मिनिटात डाव्या-उजव्या बाजूंनी मिळून किती लेअप (धावत जाऊन रिंगजवळून मारलेला शॉट). हे दोन वेगवेगळ्या दिवशी घ्या आणि दुसऱ्या दिवशी कोण सुधारलं ते पाहा. सांगितलेलं उचलणारा मुलगा पहिल्या दिवशीच्या चमकणाऱ्या मुलापेक्षा जास्त पुढे जातो. २० घेऊन सुरुवात करा, चौथ्या आठवड्यात १५ ठेवा. संघात १२ जणच लिहिता येतात, पण आजारपण आणि परीक्षा यांत दोघे-तिघे गळतातच.

सरावाचं गणित

वेळ ठरवण्याआधी एसटीचं वेळापत्रक विचारा. निम्मी मुलं पासवर गावाहून येतात. शेवटची गाडी साडेसहाची असेल आणि तुम्ही सव्वासहाला फ्री थ्रो सुरू केलेत, तर तो सराव होत नाही, सगळ्यांचं लक्ष घड्याळात असतं. वसतिगृहातल्या मुलांसाठी सकाळी ६ ते ७:३०, बाकीच्यांसाठी तास संपल्याबरोबर. मार्च ते मे दुपारी चारच्या आत सिमेंटवर उतरवू नका. पाणी दर १५-२० मिनिटांनी, तहान लागायची वाट न पाहता.

९० मिनिटं अशी वाटा. १२ मिनिटं तयारी, २० मिनिटं पाय आणि लेअप, १५ पासिंग, २० तीन विरुद्ध तीन, १५ पाच विरुद्ध पाच आणि शेवटची ८ फ्री थ्रो. नवे कोच पाच विरुद्ध पाच लावून शिट्टी घेऊन उभे राहतात. त्यात चेंडू दहांपैकी दोघांतच फिरतो, बाकीचे धावतात. तीन विरुद्ध तीनमध्ये लपायला जागा नाही, म्हणून त्याला वेळ जास्त.

पायांवर एवढा भर का? विभागीय पातळीवरचे सामने डावपेचांवर क्वचितच हरतात. ते हरतात ट्रॅव्हलिंग (चेंडू हातात असताना नियमाबाहेर पाय हलवणं), हुकलेले सोपे लेअप आणि चुकीचे पास यांवर. सर्वांत जास्त वाजणारी ट्रॅव्हलिंगची शिट्टी धावताना नाही, थांबलेल्या खेळाडूने निघताना वाजते. मुलगा चेंडू घेऊन उभा असतो, एक पाय पिव्हट, म्हणजे जमिनीवर रोवलेला, असतो, आणि ड्रिबल जमिनीकडे निघण्याआधी तोच पाय उचलला जातो. नियम सांगतो की चेंडू हातातून सुटल्यावरच पिव्हट उचलायचा. यासाठी रोज पाच मिनिटं एकच गोष्ट करा. चेंडू हवेत पकडून दोन्ही पायांवर एकदम उतरायचं, तुमचा इशारा होईपर्यंत थांबायचं, मग आधी चेंडू जोरात पुढे टाकायचा आणि नंतर पाऊल. सुरुवातीला तोंडाने ‘चेंडू, पाय’ म्हणायला लावा. उतरताना गुडघे आत कलतात का तेही इथेच दिसतं, विशेषतः मुलींमध्ये. गुडघा पावलाच्या रेषेत राहिला नाही तर तिथे थांबवा, कारण गुडघ्याच्या अस्थिबंधाची दुखापत याच ठेवणीतून होते आणि तिच्यापायी अख्खं वर्ष जातं.

लेअप उलट्या क्रमाने शिकवा, शेवटापासून सुरुवातीकडे. उजव्या हाताचा असेल तर आधी रिंगजवळ, बोर्डशी ४५ अंशांत, डाव्या पायावर उभं करा. उजवा गुडघा वर, उजवा हात वर, चेंडू बोर्डवरच्या चौकोनाच्या आपल्या बाजूच्या वरच्या कोपऱ्यात हलकेच ठेवायचा. ड्रिबल नाही, धाव नाही. हे दहापैकी आठ वेळा जमलं की एक पाऊल मागे जा आणि उजवा-डावा-उडी. मग एक ड्रिबल जोडा. मग अर्ध्या कोर्टवरून धाव. डाव्या हाताने नेमकं उलट, डावा-उजवा-उडी. पूर्ण वेगात सुरुवात केली तर मुलगा चुकीच्या पायावर उडतो आणि तीच सवय लागते. दुसरी चूक रिंगच्या अगदी खाली पोचून उडण्याची. तिथून चेंडू बोर्डच्या खालच्या भागाला लागून परत येतो. जिथून उडायचं तिथे खडूने पाऊल काढून ठेवा. तिसरी चूक म्हणजे पुढे झेप घेणं. उडी वर हवी, लांब नको.

पहिले चार आठवडे हेच. पुढचे चार मॅन टू मॅन बचाव (प्रत्येकाने आपला एक माणूस अडवायचा), फास्ट ब्रेक (चेंडू मिळताच वेगाने हल्ला) आणि एकच साधा हल्ला, ज्यात पाचही जण हलतात. झोनने, म्हणजे माणसाऐवजी जागा अडवण्याच्या बचावाने, सुरुवात करू नका. झोन लवकर जिंकून देतो हे खरं आहे, पण मुलांना स्वतःचा माणूस अडवायला येत नाही आणि तीन गुणांचे दोन नेमबाज समोर आले की झोन फाटतो. शेवटच्या तीन आठवड्यांत प्रेस (कोर्टभर दाबून केलेला बचाव) मोडणं, बाजूच्या आणि खालच्या रेषेवरून चेंडू आत घेण्याचे दोन प्रकार आणि बाहेरच्या संघांशी सामने. स्पर्धेच्या आठवड्यात मेहनत निम्मी.

फ्री थ्रो दमल्यावरच घ्या, जोडीने, प्रत्येकी दहा. गुण वहीत लिहा. हुकला म्हणून कोर्टला फेऱ्या मारायला लावणं सोडून द्या, त्याने नेम सुधारत नाही, भीती बसते. सामन्यांत एका राखीव खेळाडूकडे कागद द्या. चेंडू कुणी, कशाने गमावला, एवढंच लिहायचं. पुढच्या आठवड्याचा सराव त्या कागदावरून ठरवा.

कागदपत्रं

दहावीचं प्रमाणपत्र, बारावीची गुणपत्रिका, चालू वर्षाची फी पावती, ओळखपत्र, आधार, फोटो. पात्रता अर्जावर प्राचार्यांची सही आणि फोटोवर अर्धा शिक्का आला पाहिजे. संघ बाद होतात ते अशा बारीकसारीक गोष्टींवर. नाव दहावीला एक आणि आधारला दुसरं, मधल्या वर्षाच्या खंडाचं पत्र नाही, दुसऱ्या विद्यापीठातून आलेल्या मुलाचं स्थलांतर प्रमाणपत्र आलेलं नाही. वयाची आणि बारावीनंतरच्या वर्षांची अट त्या वर्षीच्या परिपत्रकातून वाचून प्रत्येक मुलासमोर खूण करा. मुलगा ‘बसतो सर’ म्हणाला यावर जाऊ नका. हजेरीचं पत्र विभागप्रमुखांना स्पर्धेच्या आधी द्या. परत आल्यावर दिलेलं पत्र मेहेरबानी मागितल्यासारखं वाचलं जातं.

सामन्याचा दिवस

जर्सीचे दोन संच न्या, एक फिका, एक गडद. कार्यक्रमपत्रिकेत ज्याचं नाव आधी त्याने फिका घालायचा. खेळाडूंची यादी नियमाप्रमाणे सामन्याच्या ४० मिनिटं आधी द्यायची आणि १० मिनिटं आधी पहिले पाच सांगून सही करायची. ती आदल्या रात्रीच दोन प्रतींत लिहून ठेवा. गुणपत्रकावरचे जर्सी क्रमांक स्वतः तपासा.

चार क्वार्टर, १० मिनिटांचे. खेळाडूचा पाचवा फाउल झाला की तो बाहेर, आणि क्वार्टरमध्ये संघाच्या पाचव्या फाउलपासून समोरच्याला दोन फ्री थ्रो. पहिल्या क्वार्टरमध्ये दोन फाउल झालेल्या मुख्य खेळाडूला बसवा, तो चिडला तरी. जिथे शॉट क्लॉक, म्हणजे शॉट मारायच्या २४ सेकंदांचं घड्याळ, बोर्डावर दिसत नाही तिथे टेबलवर स्टॉप-वॉच असतं. एका राखीव खेळाडूला २४ सेकंद मोजून शेवटचे आठ ओरडायला बसवा.

टाइम-आउट पहिल्या अर्ध्यात दोन, दुसऱ्यात तीन. पहिल्या अर्ध्यातला उरलेला पुढे जात नाही. शेवटच्या दोन मिनिटांत जास्तीत जास्त दोनच घेता येतात, म्हणून तिन्ही राखून ठेवले तर एक वाया जातो. मिनिटभरात पहिले दहा सेकंद कुणीच बोलायचं नाही, पाणी आणि श्वास. मग दोनच गोष्टी सांगा. एक बचावाची, एक हल्ल्याची, तीही खेळाडूचं नाव घेऊन. ‘जोर लावा’ हे सांगणं नव्हे. उठण्याआधी चेंडू आत कोण घेणार ते ठरलेलं असावं. शेवटच्या दोन मिनिटांत चेंडू आपल्या मागच्या अर्ध्यातून आत यायचा असेल तर टाइम-आउट घेतल्यावर तो पुढच्या अर्ध्यातल्या खुणेपासून घेण्याचा हक्क कोचला असतो. गुणाने मागे असताना आणि वेळ थोडा असताना हे सामना फिरवतं, आणि पंच स्वतःहून आठवण करून देतीलच असं नाही.

दुखापत आणि दौरा

घोटा मुरगळला की आपल्याकडे लगेच कोमट तेलाने चोळतात. पहिले ४८ तास चोळू नका, शेकू नका. बर्फ कापडात गुंडाळून १५ ते २० मिनिटं, दिवसातून तीन-चार वेळा, वर क्रेप बँडेज आणि पाय उशीवर उंच. त्या पायावर चार पावलंही टाकता आली नाहीत, किंवा घोट्याच्या हाडावर दाबल्यावर जोरात दुखलं, तर एक्स-रे काढल्याशिवाय परत खेळवू नका. डोक्याला मार लागून गरगरलं तर त्या दिवशी खेळ बंद, मग तो अंतिम सामना का असेना.

मुलींच्या संघाबरोबर महिला प्राध्यापक असल्याच पाहिजेत. पालकांची लेखी संमती, राहण्याच्या जागेचा पत्ता आणि परतीची वेळ आधी कळवा. शॉट सुधारताना हात धरून दाखवण्याऐवजी स्वतः करून दाखवा किंवा सीनिअर मुलीकडून दाखवून घ्या. कॉलेजच्या अंतर्गत तक्रार समितीबद्दल पहिल्याच बैठकीत सांगा. मुलींचे पालक संघात पाठवतात ते कोचकडे पाहून, आणि एकदा विश्वास बसला की पुढची तीन वर्षं धाकट्या बहिणीही येतात.

प्रवासात खाण्याचं साधं ठेवा. भाकरी, उसळ, उकडलेली अंडी, केळी, शेंगदाण्याची चिक्की. तासगावचा बेदाणा पिशवीत असला की दोन सामन्यांमधली भूक भागते. सामन्याआधी अडीच-तीन तास भरपेट जेवण झालेलं असावं, वडापाव नंतर.

हंगाम संपल्यावर

विद्यापीठ संघात निवड झालेल्या मुलाच्या परीक्षेच्या तारखा आणि पश्चिम विभागीय स्पर्धेच्या तारखा शेजारी लिहून पाहा. एकावर एक येत असतील तर अर्ज परीक्षा विभागाकडे तेव्हाच जाऊ द्या. वर्षाचा अहवाल एप्रिलपर्यंत लिहा. कोण किती सामने खेळला, निकाल, प्रमाणपत्रांच्या प्रती. नॅकच्या, म्हणजे कॉलेजच्या मूल्यांकनाच्या, वेळी हाच अहवाल मागतात आणि तुमच्या पुढच्या मुलाखतीत तोच फाइलमध्ये लावता येतो. जुने चेंडू मोजून वहीत झिजलेले दाखवा, जाळ्या बदला, बोर्डाचे नट आवळा. तिसऱ्या वर्षाच्या मुलांपैकी ज्याला शिकवायची आवड दिसते त्याला बी.पी.एड.च्या सीईटीचा अर्ज भरायला लावा आणि मे महिन्यातल्या नवशिक्यांच्या बॅचवर तुमच्या हाताखाली उभं करा.